फोटोखालचं नाव

मित्रांनो, शिरूरच्या वाचनालयात खिडकीजवळ एक लाकडी कपाट आहे. त्याच्या तळच्या फळीवर कापडी पाठीचं एक आडवं पुस्तक निजवून ठेवलेलं तुम्हाला दिसेल. तो मी. मला उभं ठेवत नाहीत, कारण माझी शिवण सैल झाली आहे. माझं वय अवघं बारा वर्षं. पण त्यातली बरीच वर्षं मी सायकलच्या हँडलला अडकवलेल्या पिशवीत काढली. ऊन, धूळ, एस.टी.चे हादरे, लोकांच्या ओल्या हातांचे डाग, सगळं अंगावर घेतलं. म्हणून मी वयापेक्षा म्हातारा दिसतो.

माझा जन्म १९५७ साली पुण्यातल्या एका छापखान्यात झाला. माझं नाव 'माणसं घोड-भीमेची'. माझ्यात छत्तीस फोटो आहेत आणि ते सगळे शिरूरच्या इसहाक ओहोळ यांनी काढलेले आहेत. माझ्याबरोबर माझी तीनशे भावंडं छापली गेली. ती दुकानांत गेली, मोठ्या लोकांच्या दिवाणखान्यांत गेली. माझा मात्र तिसरा फर्मा, म्हणजे एकत्र घडी घातलेल्या पानांचा जुडगा, बांधणीवाल्याच्या हातून उलटा शिवला गेला. सतरावं पान उघडलं की त्यातली माणसं डोक्यावर उभी! प्रकाशकांनी मला रद्दीच्या ढिगावर ठेवलं होतं. इसहाकने मला उचललं आणि म्हणाला, "हे मला द्या. मला कुठं विकायचंय? लोकांना दाखवायला होईल."

इसहाकचे वडील शमुवेल मिशनच्या शाळेत सुतारकाम शिकवत. मुलाने हत्यारं धरावीत अशी त्यांची इच्छा होती. त्याने कॅमेरा धरला. पुण्याच्या कॅम्पात एका स्टुडिओत तो हे काम शिकला आणि शिरूरच्या पेठेत त्याने स्वतःचा स्टुडिओ थाटला. आत एक रंगवलेला पडदा होता. त्यावर तळं, तळ्यात बदकं आणि कुठेच न जाणारा एक संगमरवरी जिना. त्यापुढे नवी जोडपी बसत, मॅट्रिकची मुलं बसत. त्यावर इसहाकचं आणि दबोराबाईंचं घर चाले. दबोराबाई त्याची पत्नी. त्या पहिलीच्या वर्गाला शिकवत.

पण त्याचं मन त्या पडद्यापुढे रमत नसे. आठवड्यातून एक दिवस तो स्टुडिओला कुलूप लावी आणि सायकलवरून गावोगाव हिंडे. लोक जिथे काम करत, तिथेच त्यांचे फोटो काढी. त्याचा कॅमेरा पोटाशी धरून वरून आत बघायचा होता. त्यामुळे फोटो काढताना त्याची मान खाली जाई. समोरच्याला वाटे, हा आपल्यापुढे वाकून उभा आहे. लोक त्याला बुजत नसत.

माझं कौतुक झालं. पुण्याच्या वर्तमानपत्रांत लिहून आलं. माझ्या पहिल्या पानावर १९५२-५३ च्या दुष्काळातला फोटो आहे. रस्त्याच्या कामावर खडी फोडणारी एक बाई हातोडा मांडीवर ठेवून बसली आहे. तिच्या उजव्या हाताला फडकं गुंडाळलेलं आहे आणि ती सरळ तुमच्याकडे बघते आहे. तो फोटो मुंबईच्या एका प्रदर्शनात मोठा करून लावला होता. एका टीकाकाराने तर लिहिलं की या चेहऱ्यात सारा दुष्काळ मावला आहे. दबोराबाईंनी ती कात्रणं एका वहीत चिकटवली.

फोटोंखाली मथळे होते. ते प्रकाशकांनी दिले होते. 'श्रम', 'वार्धक्य', 'प्रतीक्षा', 'समाधान' असे. पहिल्या पानावरच्या त्या बाईखाली छापलं होतं, 'वसुंधरा'. इसहाकला ते शब्द भारदस्त वाटले. शिवाय खरी गोष्ट अशी, की त्याच्याकडे नावं नव्हतीच. त्याने ती कधी टिपून ठेवली नव्हती.

एकदा तो मला घेऊन तळेगाव ढमढेऱ्याच्या बाजाराला गेला. तिथे मालनबाई भाजी घेऊन बसत. पन्नाशीच्या, ठसठशीत कुंकवाच्या. माझ्या अकराव्या पानावर त्या आहेत. स्वतःचा फोटो बघून त्या हरखल्या. शेजारच्या दोघीतिघींना बोलावून त्यांनी तो दाखवला. मग मथळ्यावर बोट ठेवून म्हणाल्या, "भाऊ, हितं खाली काय लिव्हलंय?"

"समाधान," इसहाक म्हणाला.

"समाधान? ह्यो कोन बाप्या?"

शेजारणी खोखो हसल्या. इसहाकने समजावून सांगितलं, की तुमच्या चेहऱ्यावर समाधान दिसतं, म्हणून तसं लिहिलं.

"त्या दिशी माझी मेथी दुपारपातूर पडून हुती. कसलं आलंय समाधान?" मालनबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज उतरला. "मोठं पुस्तक काढलंसा भाऊ, लई गोड वाटलं. पन उद्या कुनी बघंल, तर ही बाई कोन म्हनून त्येला कसं कळावं? मला नाव न्हाई व्हय?"

इसहाकने खिशातलं पेन काढलं. बाजाराच्या त्या गलबल्यात, भाजीच्या पाटीवर मला ठेवून, त्याने 'समाधान'वर रेघ मारली आणि विचारलं, "सांगा."

"मालन सोपान भुजबळ. माहेरचं बी लिव्हा. निमोण्याची लेक."

त्याने तेही लिहिलं. घरी येताना तो सायकल हातात धरून बराच वेळ चालतच आला. आल्या आल्या दबोराबाईंना म्हणाला, "छत्तीस माणसं. मी त्यांचे चेहरे घेऊन आलो. एकालाही नाव विचारलं नाही."

त्या दिवसापासून मी पिशवीत गेलो.

पुढची दोन वर्षं आम्ही माणसं शोधत होतो. इनामगावात घोड नदीच्या काठी म्हशी धुणारा गडी सापडला. त्याने आपल्या पणजोबापासूनची नावं सांगितली आणि सगळी लिहून घ्यायला लावली. दौंडला रेल्वेच्या गँगमध्ये काम करणारे हौशीराम आप्पा भेटले. 'प्रतीक्षा' हा शब्द त्यांना वाचून दाखवल्यावर ते म्हणाले, "कसली प्रतीक्षा, मास्तर? मालगाडी जायची वाट बघत हुतो. ती गेल्याबिगर रुळाला हात कसा लावायचा?"

सगळीकडे असं हसू नव्हतं. वडगाव रासाईला आम्ही पोचलो तेव्हा 'वार्धक्य' या मथळ्याचे आजोबा वारून वर्ष झालं होतं. त्यांची सून धुरपदा दारात आली. फोटो बघताच तिने डोक्यावरचा पदर सावरला, जणू सासरेच समोर बसले आहेत. "मामंजींचा दुसरा फोटू न्हाई आमच्याकडं," ती म्हणाली. सासऱ्यांचं नाव ती तोंडाने घेईना. शेवटी शेजारच्या घरातल्या माणसाने ते सांगितलं. पुढच्या खेपेला इसहाकने त्या फोटोची मोठी प्रत काचेत बसवून तिला नेऊन दिली.

अशी पस्तीस नावं झाली. माझ्या पानापानावर शाईचे शब्द आले. राहिलं फक्त पहिलं पान.

दुष्काळी काम केव्हाच संपलं होतं. माणसं पांगली होती. त्या वेळचे मुकादम बबनराव इसहाकला न्हावऱ्याला भेटले. फोटो बघून ते म्हणाले, "नाव आता ध्यानात न्हाई. ही एकटीच हुती. मागं पुढं कुनी न्हाई. काम बंद झाल्यावर दौंडाकडं गेली म्हनं, रेल्वेच्या कडंनं पोट भरायला."

दौंडला इसहाकने चार खेपा घातल्या. पाचव्या खेपेला, सकाळच्या वेळी, इंजिनांची राख टाकतात त्या उकिरड्याजवळ ती दिसली. राखेतून अर्धवट जळलेले कोळसे वेचून ती पाटीत टाकत होती. केस पिकले होते. इसहाकने मला तिच्यापुढे उघडलं.

तिने आधी चेहऱ्याकडे पाहिलंच नाही. तिची नजर हातावर गेली. "ह्ये माझं फडकं," ती म्हणाली. "माझ्या लुगड्याचं. हात फुटला हुता तवा बांधलं हुतं." मग हळूहळू तिची नजर वर गेली आणि तिथे थांबली. स्वतःचा चेहरा असा तिने कधी पाहिला नसावा. ती इसहाकला म्हणाली, "तू व्हय त्यो. फोटू काढलास, माझ्या मडक्यातलं पानी पिलास आन् सायकलीवर बसून गेलास."

इसहाकची मान खाली गेली. हातात कॅमेरा नव्हता तरी. "हो मावशी. तुमचं नाव विचारायचं राहिलं. ते विचारायला आलोय."

"नकुशी."

त्याने पेन टेकवलं मात्र, तिने झटकन हात पुढे करून पान झाकलं. "नगं! ते नगं लिहूस."

तिच्या कोळशाच्या हाताचा ठसा माझ्या पहिल्या पानावर उमटला. तो अजून आहे.

"चार पोरींवर पाचवी झाले," ती म्हणाली. "बापाला नगं हुते, म्हनून नकुशी. बाप गेला. आय गेली. नवऱ्यानं टाकलं, त्योबी गेला. समदी गेली, पन त्येंनी ठिवलेलं नाव तेवढं माझ्या मागं लागलंय. आता पुस्तकात बी तेच?"

"मग काय लिहू, मावशी?"

असं तिला कुणी कधी विचारलं नव्हतं. "ठावं न्हाई," ती म्हणाली. "इचार करते."

इकडे प्रकाशकांना माझी दुसरी आवृत्ती काढायची होती. इसहाकने पुण्याला जाऊन त्यांना मला दाखवलं आणि या वेळी मथळ्यांच्या जागी नावं हवीत असं सांगितलं. ते राजी झाले. पहिल्या पानाची हकीकत ऐकून तर ते खुर्चीतच पुढे सरकले. "नकुशी! अहो ओहोळ, यापुढे 'वसुंधरा' काहीच नाही. हेच छापू. वाचकाच्या काळजाला हात घालील."

"तिने नको म्हटलंय."

"तिला कुठं वाचता येतंय?"

इसहाक उठला. त्याने मला मिटून पिशवीत ठेवलं. प्रकाशकांनी महिन्याची मुदत दिली. तेवढ्यात पान पक्कं झालं नाही तर आवृत्ती रद्द. इसहाक घरी आला. जेवण झाल्यावर दबोराबाईंना म्हणाला, "ही संधी गेली तर पुन्हा कुणी विचारणार नाही मला. एका शब्दासाठी घालवू का सगळं?"

दबोराबाई ताटं आवरत होत्या. त्या थांबल्या. "अहो, तुम्ही तिला प्रश्न विचारून आलात ना? मग तिचं उत्तर येऊ द्या."

महिना गेला. आवृत्ती रद्द झाल्याचं कार्ड आलं. माझी भावंडं संपली होती, नवी होणार नव्हती. हळूहळू लोक इसहाकला विसरले. पुण्याची बोलावणी थांबली. तो पुन्हा बदकांच्या पडद्यापुढे जोडपी बसवू लागला. मला वाटे, या उलट्या फर्म्याच्या पुस्तकाबरोबर त्याचंही नशीब उलटं शिवलं गेलं. पण त्याने ते पान कुणाकडून भरून घेतलं नाही.

मे महिन्याच्या सुट्टीत दबोराबाई त्याच्याबरोबर दौंडला आल्या. येताना त्यांनी पाटी-पेन्सिल आणली होती. रेल्वेच्या पडक्या चौकीच्या सावलीत त्या मावशीजवळ बसल्या.

"मला म्हातारीला आता ह्ये कशाला?" मावशी म्हणाली.

"नाव ठरलं की दुसऱ्याकडून कशाला लिहून घ्यायचं?" दबोराबाई म्हणाल्या. "तुमचं तुम्हीच लिहा."

ती सुट्टी गेली, दिवाळीची गेली, पुन्हा मे आला. मावशीची बोटं हातोड्याने आखडलेली होती. पेन्सिल तिच्या मुठीत मोडे. पण ती 'अ' पासून 'ज्ञ' पर्यंत पोचली. काना, मात्रा, वेलांटी शिकली. रेल्वेच्या डब्यांवरची अक्षरं लावून लावून वाचू लागली. नाव मात्र तिने सांगितलं नाही आणि इसहाकनेही पुन्हा विचारलं नाही.

मग १९६३ च्या माघात, एका सकाळी, मावशी एकटी एस.टी.ने शिरूरला आली. धुतलेलं लुगडं, हातात काही नाही. स्टुडिओच्या पायरीवर चपला काढून आत आली आणि म्हणाली, "ते पुस्तक काढ."

इसहाकने मला टेबलावर ठेवलं. तिने पेन घेतलं. तिचा श्वास मला माझ्या पानावर जाणवत होता. पहिलं अक्षर फार मोठं झालं. दुसऱ्याचा काना ओळीखाली उतरला. पण अक्षरं चुकली नाहीत. तिने लिहिलं, 'हौसा'.

तिने पेन खाली ठेवलं.

"ज्या पोरीची हौस असती, तिचं नाव हौसा ठिवत्यात," ती म्हणाली. "माझी कुनाला हौस न्हवती. म्या म्हनलं, माझी मलाच हाय की."

इसहाक आत गेला आणि दबोराबाईंना हाक मारून आला. तिघांनी चहा घेतला. दुपारच्या गाडीने ती परत गेली.

त्याच वर्षी पुण्यातलं दुसरं एक छोटं प्रकाशन मिळालं आणि माझी नवी आवृत्ती निघाली. पस्तीस फोटोंखाली नावं छापखान्यातल्या शिशाच्या अक्षरांनी, म्हणजे खिळ्यांनी, जुळवली. पहिल्या पानावर मात्र तिच्या अक्षरांचाच ब्लॉक, म्हणजे धातूचा ठसा, करून छापला, मोठ्या 'हौ' आणि खाली घसरलेल्या 'सा'सकट. मालनबाईंनी एक प्रत पाटीखाली ठेवली होती म्हणे, गिऱ्हाइकाला दाखवायला.

१९६७ साली इसहाक वारला. छातीत कळ आली आणि दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं. त्याला शिरूरच्या ख्रिस्ती दफनभूमीत ठेवलं तेव्हा इनामगावचे, तळेगावचे, दौंडचे कितीतरी लोक आले होते. ते माझ्याच पानांवरचे होते. उठून चालत आल्यासारखे. दबोराबाईंनी मला वाचनालयाला दिलं. पहिले काही महिने मला लोक बघत. मग माझ्यावर धूळ बसू लागली.

यंदा, दोन वर्षांनी, पुण्याच्या एका प्राध्यापकांनी इसहाकच्या कामावर एक जाड ग्रंथ लिहिला. त्यांनी मनापासून मेहनत केली होती. ग्रंथाच्या प्रकाशनाचा छोटा समारंभ याच वाचनालयात, दुपारी, झाला. चाळीस प्रती टेबलावर रचल्या होत्या. हौसाबाईंना मुद्दाम बोलावून पुढच्या खुर्चीवर बसवलं होतं. हार झाले, भाषणं झाली. प्राध्यापक म्हणाले, "ओहोळांनी या माणसांना नावं दिली." टाळ्या पडल्या.

हौसाबाई टाळ्या वाजवत नव्हत्या. त्यांच्या मांडीवर नवा ग्रंथ उघडा होता आणि त्या बोटाने अक्षरं लावत होत्या. "न... कु..." त्यांचं बोट थांबलं. फोटोखाली छापलं होतं, 'नकुशी ऊर्फ हौसा'.

हौसाबाईंनी शेजारी बसलेल्या दबोराबाईंपुढे हात केला. दबोराबाईंनी काही न विचारता पर्समधलं पेन दिलं. हौसाबाईंनी पहिल्या दोन शब्दांवर एक सरळ, जाड रेघ मारली.

प्राध्यापक खाली उतरून आले. त्यांचा चेहरा पडला होता. "बाई, ते मूळचं खरं नाव होतं, म्हणून मी..."

"खरं हुतं," हौसाबाई म्हणाल्या. "पन माझं न्हवतं. आन् त्येनं बी नावं दिली न्हाईत कुनाला. त्यो इचारत आला हुता."

प्राध्यापकांनी टेबलावरची पहिली प्रत घेतली, ते पान उघडलं आणि हौसाबाईंपुढे धरलं. मग दुसरी. मग तिसरी. समारंभाचा चहा गार झाला. हौसाबाई एकेका प्रतीवर रेघ मारत गेल्या आणि प्राध्यापक पानं उघडून देत राहिले, चाळीसच्या चाळीस, दौंडची गाडी लागेपर्यंत.

तो ग्रंथ आता माझ्याशेजारी असतो. तो तरुण आहे, त्याची शिवण घट्ट आहे. तुम्ही आम्हा दोघांना हात लावाल तेव्हा हात कोरडे असू द्या आणि पान वरच्या कोपऱ्यातून उलटा, इतकंच आमच्यासाठी मागतो.

पण आणखी एक सांगायचं आहे, मित्रांनो. तुमच्या घरी भिंतीवर किंवा ट्रंकेत जुने फोटो असतील. त्यातल्या एखाद्या चेहऱ्याचं नाव आता घरात एकाच म्हाताऱ्या माणसाला ठाऊक असेल. त्याच्याजवळ आजच जाऊन बसा आणि फोटोच्या मागे शिसपेन्सिलीने ते लिहून ठेवा. आणि फोटोतलं माणूसच समोर असेल, तर दुसऱ्या कुणाला विचारू नका. त्यालाच विचारा, "तुम्हाला काय म्हणू?" आणि उत्तर यायला वेळ लागला, तर थांबा.